हातचा घेणारं यंत्र

मी जळगावातल्या एका कॉलेजात कॉम्प्युटर शिकवते. अभ्यासक्रमाच्या सुरुवातीला या यंत्रांचा इतिहास असतो आणि तो ऐकताना मुलं न चुकता जांभया देतात. त्यांना दोष तरी कसा देऊ? खिशात फोन असलेल्या माणसाने तीन-चारशे वर्षांपूर्वीच्या पितळी चाकांचं कौतुक का करावं? म्हणून मी इतिहासाला थोडं तिखटमीठ लावते. फ्रान्समधला एक विशीही न गाठलेला मुलगा. वडील कर गोळा करणाऱ्या खात्यात. बाप दिवसभर आकड्यांत डोकं घालून बसतो हे बघून मुलाने त्याच्यासाठी बेरजेची पेटी बनवली. चाक फिरवलं की बेरीज होते, आणि नवाच्या पुढे गेलं की शेजारचं चाक आपणहून एक घर सरकतं. आपण पाटीवर 'हातचा एक' म्हणायचो, तो हातचा ही पेटी स्वतःच घेते. एवढं सांगून मी विचारते, "तुमच्यापैकी कोणी वडिलांसाठी काय बनवलंय?" एकदा मागच्या बाकावरून उत्तर आलं, "मॅडम, चहा."

मग एक जर्मन पंडित येतो. त्याने गुणाकार करणारं यंत्र बनवलं, पण त्याचा हातचा मध्येच अडकायचा. आणि शेवटी येतं माझं हक्काचं गिऱ्हाईक, इंग्लंडमधला एक साहेब. या साहेबाने सरकारी मदत घेऊन एक अवाढव्य गणितयंत्र करायला घेतलं. ते अर्ध्यावर आलं आणि त्याला त्याहून भारी यंत्र सुचलं. झालं, पहिलं राहिलं बाजूला. मधल्या काळात तो आपल्या कारागिराशी भांडला, सरकारशी भांडला, आणि घराखाली बाजा वाजवत फिरणाऱ्यांशी तर जन्मभर भांडला. दुसरं यंत्र कागदावरच असताना एका सरदार घराण्यातल्या बाईने त्या यंत्राकडून गणित कसं करून घ्यायचं ते लिहूनही ठेवलं. चूल मांडायच्या आधीच पाककृती तयार. साहेब म्हातारा होऊन गेला, यंत्र काही झालं नाही. "असं असतं बघा, नमनाला घडाभर तेल," असं म्हणून मी पुस्तक मिटते. मुलं हसतात, मीही हसायचे.

माझं ते हसू बंद झालं त्याला आमचे आबा कारण आहेत.

आबा म्हणजे माझे वडील. धुळ्यातल्या एका सूतगिरणीत फिटर होते. गिरणी बंद पडली, पण आबांचा फिटरपणा बंद पडला नाही. शेजारपाजारचे पंखे, शिवणयंत्रं, नळ, देवळाची घंटा, सगळं त्यांच्या हाताखालून गेलेलं. आई गेल्यानंतर ते दोन खोल्यांत एकटेच राहत होते आणि मी त्यांची एकुलती एक. मागच्या उन्हाळ्यात ते मोरीपाशी चक्कर येऊन पडले. शेजारच्या अक्कांनी बराच वेळ हाका मारल्या, शेवटी दार फोडून आत माणसं गेली. डॉक्टर मला बाजूला घेऊन म्हणाले, "यांना एकटं ठेवू नका. पुढच्या वेळी कोणी ऐकेलच असं नाही." मी आबांना म्हटलं, जळगावला चला. आबांनी माझ्याकडे असं बघितलं की जणू मी त्यांना चोरी करायला सांगते आहे.

त्याचं कारण एका ओळीत सांगता येतं. बापाने लेकीच्या घरचं पाणी पिऊ नये, ही आमच्या जुन्या माणसांची रीत. बाकीच्यांनी ती कधीच गुंडाळून ठेवली. नातवंडं झाल्यावर सूट मिळते म्हणे, आम्हाला मूलबाळ नाही. त्यामुळे आबांचा नियम अगदी कोरा करकरीत राहिला होता. माझ्या लग्नाला इतकी वर्षं झाली, पण ते यायचे ते पाण्याची बाटली घेऊन आणि जायचे ते पुढच्या गाडीने. चहा विचारला तर म्हणायचे, "आत्तेच पिऊन उनू." धुळ्याहून यायला बसने दोन तास तरी लागतात. हा आत्ताचा चहा ते कुठे प्यायचे ते देवाला ठाऊक.

माझा नवरा फैजपूरचा, घरी केळीच्या बागा, स्वतः इथे शाळेत मास्तर. स्वभावाने गरीब. तो म्हणाला, "आबा, काळ बदलला आता."

"काळ बदलना व्हई," आबा म्हणाले, "मी कोठे बदलनू?"

आम्ही दोघं हात हलवत परत आलो. त्यानंतर रोज सकाळी फोन लावायचा आणि पलीकडून आवाज येईपर्यंत श्वास धरून उभं राहायचं, हा माझा दिनक्रम झाला.

त्याच सुमारास कॉलेजात प्रदर्शन ठरलं. 'यंत्रांचा इतिहास' हे टेबल माझ्या गळ्यात पडलं. काम सोपं होतं. चार चित्रं छापायची, पुठ्ठ्यावर चिकटवायची, शेजारी दोन मुली उभ्या करायच्या. फोनवर बोलायला काही विषय हवा म्हणून मी आबांना त्या फ्रेंच पोराची गोष्ट सांगितली.

"ती पेटी हातचा कशी लेस पन?" त्यांनी विचारलं.

मी सांगितलं. त्यांना पटलं नाही. दुपारी त्यांचा फोन आला, "नऊना पुढे गयं का दुसरं चाक कोन ढकलस?" मी पुन्हा सांगितलं. संध्याकाळी पुन्हा फोन. सकाळी मी करायचे त्या एका फोनपलीकडे स्वतःहून फोन करणारा हा माणूस नव्हे. तेव्हा माझ्या डोक्यात दिवा लागला. मी अगदी सरळ आवाजात म्हटलं, "आबा, कॉलेजला ते यंत्र चालतंफिरतं पाहिजे आहे. पण करणारा माणूस मिळत नाहीये."

मग आबा म्हणाले, "मंग काम शे असं सांग ना."

दुसऱ्या दिवशी ते हत्यारांची पेटी आणि कपड्यांची ट्रंक घेऊन दारात हजर. मी पाण्याचा तांब्या पुढे केला आणि त्यांनी तो घटाघटा पिऊन टाकला. माझा विश्वास बसेना. पण आबांचं तर्कशास्त्र चोख होतं. घरी कामाला आलेला सुतार पाणी पितो, चहा पितो, जेवतोही. मालकाने कारागिराला जेवू घालायचं ही पण रीतच आहे, आणि तिच्यात नातं येत नाही. आपण बाप म्हणून आलेलो नाही, फिटर म्हणून आलो आहोत. एका रीतीची दुसऱ्या रीतीने गाठ मारून आबा आमच्या घरात शिरले.

आणि ते खरंच कामगारासारखे वागले. बाहेरच्या ओट्यावर बस्तान मांडलं. जेवायला आत या म्हटलं तर येईनात, ताट ओट्यावर. मी शेवभाजी केली, भरीत केलं, तर "मजूरले इतलं कोनी करस का?" म्हणून मलाच बोल लावले. फैजपूरहून सासऱ्यांनी केळ्यांची फणी पाठवली, तेव्हा ती जावयाची म्हणून घ्यावी की नाही यावर त्यांनी बराच विचार केला. शेवटी मजुराला केळं देतात असं त्यांना आठवलं आणि त्यांनी भरपूर खाल्ली. माझा सगळ्यात मोठा संताप व्हायचा तो रविवारी. रविवारी सुट्टी. सुट्टीच्या दिवशी काम नाही, आणि काम नाही तर आमच्याकडे जेवणही नाही. अंघोळ करून, टोपी घालून हे गृहस्थ नशिराबादला, चाकं कातून देणाऱ्या चाचांकडे जेवायला जायचे. पोटच्या पोरीचं अन्न चालत नाही आणि ओळख होऊन पंधरवडा न झालेल्या चाचांकडची बिर्याणी चालते. मी हे तोंडावर बोलून दाखवलं. आबा म्हणाले, "चाचा मनी आंडेर शे का?" चाचा त्यांची लेक नव्हते, हे मला मान्य करावंच लागलं.

चाचांचं लेथ मशीनचं दुकान होतं. दुकान आता मुलं चालवायची, पण चाचा रोज खुर्ची टाकून बसायचे आणि मुलांच्या चुका काढायचे. आबा तिथे चाकं कातून घ्यायला गेले आणि पहिल्याच दिवशी दोघांचं भांडण झालं. आबांना आपल्या तोडीचं माणूस मिळालं की ते आधी भांडतात. मी एकदा आबांचा विसरलेला चष्मा द्यायला तिकडे गेले, तर दोघं एका चाकाचे दाते मोजत होते. आबा म्हणत होते, "लाभ, दोन, तीन." चाचा म्हणत होते, "बरकत, दो, तीन." आणि मग दोघं थांबून एकमेकांकडे रागाने बघत होते.

ज्यांनी धान्याचं माप होताना कधी ऐकलं नसेल त्यांच्यासाठी सांगते. रास मोजताना पहिल्या मापाला 'एक' म्हणत नाहीत. 'लाभ' म्हणतात, आणि मग दोन, तीन, चार. आबांचे वडील धुळ्याच्या धान्यबाजारात मापारी होते, त्यामुळे आबांची मोजणी जन्मापासून लाभाने सुरू होते. चाचांच्या घरी धान्याचा व्यापार होता, त्यांच्याकडे पहिल्या मापाला 'बरकत' म्हणायचे. आता पितळी चाकाच्या पहिल्या दात्याला लाभ म्हणायचं की बरकत, यावर दोन म्हातारी माणसं चहाचे कप थंड करत बसली होती. मला इतकी मजा वाटली की मी फोनवर त्याचं चित्रण केलं आणि नवऱ्याला पाठवलं. त्याने हसणारी तोंडं पाठवली. आम्हा दोघांपैकी एकालाही त्यात काही धोका दिसला नाही.

काम पुढे सरकत होतं, म्हणजे सरकतही होतं आणि नव्हतंही. आधी सागाची चाकं झाली. ती झाल्यावर आबांना वाटलं, पावसाळ्यात लाकूड फुगेल. मग पितळी चाकं. ती बसल्यावर वाटलं, हातचा ढकलणारी पट्टी फार खडखडते. ती बदलली. मग वरच्या झाकणाला काच हवी. मग काचेला चौकट हवी. दरम्यान परीक्षांमुळे प्रदर्शन एकदा पुढे गेलं आणि पुन्हा एकदा गेलं, आणि दोन्ही वेळा मी मनातल्या मनात परीक्षा विभागाला साखर वाटली. नवरा म्हणाला, "तुझा इंग्रज साहेब आपल्या ओट्यावर जन्माला आलाय."

मी आबांना त्या साहेबाची गोष्ट सांगितली. मुलांना सांगते तशीच, तिखटमीठ लावून. आबा हसले नाहीत.

"दुसरं चांगलं सुचनं तं मानूस पहिलं सोडावच," ते म्हणाले. "आन तो बाजावाला दारशी वाजाडी राहिना व्हई तं काम व्हई का?"

आबा आमच्या गल्लीतल्या वरातींवर खार खाऊन होते, त्यामुळे साहेबाची बाजू त्यांना लगेच कळली. मी वर्गातली गंमत वर्गातच ठेवायची ठरवली.

खरं सांगायचं तर मलाही आता ती गंमत वाटत नव्हती. सकाळी कानशीचा आवाज आला की मी निर्धास्त होऊन चहा टाकायचे. गोळ्या वेळेवर पोटात जात होत्या, दोन वेळचं गरम अन्न होतं, चक्कर थांबली होती. यंत्र संपलं की आबा धुळ्याला जाणार, त्या मोरीकडे, त्या बंद दाराकडे. कॉलेजात जाऊन मी न संपणाऱ्या यंत्राची टिंगल करायचे आणि घरी येऊन देवाला सांगायचे, हे यंत्र एवढ्यात संपू देऊ नकोस.

पण प्रदर्शनाची तारीख शेवटी पक्की झाली आणि आबा शब्दाला जागणारे. यंत्र तयार झालं. चार चाकं, चार खिडक्या. सगळ्यात शेवटी खिडक्यांत दिसणारे आकडे राहिले होते. इतके दिवस खडूच्या खुणेवर काम भागत होतं. हातचा सरकतो का एवढंच सगळे बघायचे, आकडा किती झाला ते कोणी बघत नव्हतं. ते आकडे गोल चकत्यांवर चाचांनी आपल्या हाताने कोरले, अगदी सुबक. प्रदर्शनाच्या आदल्या दिवशी आबांनी चकत्या बसवल्या, यंत्रावर फडकं टाकलं आणि ट्रंक भरायला घेतली.

"राहा ना चार दिवस," मी म्हटलं.

"कसाले? काम संपनं."

मी त्यांच्या सदऱ्यांच्या घड्या घालून दिल्या.

प्रदर्शनात आमच्या टेबलाभोवती ही गर्दी. आबा कडक इस्त्रीच्या पांढऱ्या कपड्यांत, शेजारी चाचा अत्तर लावून. प्राचार्य आले. आबांनी फडकं काढलं. काचेमागे पितळ झळकत होतं आणि चारही खिडक्यांत एकेक सुरेख 'एक' दिसत होता. प्राचार्य म्हणाले, "वा. आधी सगळं रिकामं करून दाखवा."

"रिकामंच शे," आबा म्हणाले.

"पण इथे एक हजार एकशे अकरा दिसतायत."

आबा आणि चाचा, दोघंही त्यांच्याकडे समजुतीने बघत राहिले. प्राचार्यांनी जरा थांबून दोन घरं फिरवली, मग तीन घरं फिरवली. हे आपलं दोन आणि तीन. खिडक्यांत आलं एक हजार एकशे सोळा. मुलांनी तोंडावर हात धरले. मी वाकून चकतीकडे नीट बघितलं आणि मला फोनमधलं ते चित्रण आठवलं. चकतीवर एकापासून दहापर्यंत आकडे होते. शून्य नव्हतंच. दाते बरोबर दहा, हातचा बरोबर सरकत होता, यंत्रात काडीचा दोष नव्हता. पण लाभ म्हणा नाही तर बरकत म्हणा, दोन्ही म्हाताऱ्यांची मोजणी पहिल्या मापापासून सुरू होत होती. त्याच्या आधी काही असतं हे कोणाच्या मनात आलं नव्हतं.

मी शून्याचं सांगितलं. तेव्हा ते दोघं पहिल्यांदा एका बाजूचे झाले. "बरकत के पहले क्या रहता?" चाचा म्हणाले. "खाली टोकरी. खाली टोकरी कोई गिनता है क्या?" आबांनी मान डोलावली. प्राचार्य समजूतदार निघाले. त्यांनी दोघांशी हात मिळवला आणि मुलांनी दिवसभर त्या यंत्रावर चुकीच्या बेरजा करण्यासाठी रांग लावली.

माझं मात्र भान सुटलं. मला इतका आनंद झाला की मी सगळ्यांसमोर म्हटलं, "आबा, आता सगळ्या चकत्या पुन्हा कराव्या लागणार. आता तुम्हाला जाता येत नाही." नवऱ्याने भर घातली, "देव पावला. दिवाळीपर्यंत तरी निश्चिंती." आबांनी आधी त्याच्याकडे बघितलं, मग माझ्याकडे. गिरणीतलं बिघडलेलं मशीन ते असंच बघायचे, हात न लावता.

घरी आल्यावर ओट्यावर बसून म्हणाले, "खरं सांग. हाई काम कॉलेजनं व्हतं का तुनं?"

मी सांगितलं. कॉलेजला चित्रं लावली असती तरी चाललं असतं. तुम्ही यावं म्हणून मी यंत्राचं काढलं.

"म्हंजे मी कामवर नव्हतू," आबा सावकाश म्हणाले. "पाव्हना व्हतू. आन इतला दिन आंडेरना घर जेवनू."

त्यांचा चेहरा उतरला होता, पण मी त्यांचीच मुलगी, दुखलं की आधी तोंड चालतं. मी म्हटलं, "तुम्ही मोरीत पडलात तेव्हा तुमचा नियम आला होता का उचलायला?" बोलले आणि जीभ चावली. सकाळी ट्रंक आणि फडक्यात बांधलेलं यंत्र घेऊन ते धुळ्याच्या गाडीत बसले. मी खिडकीशी उभी होते. ते समोर बघत होते.

नंतरचे दिवस वाईट गेले. फोन उचलायचे, पण तेवढ्यापुरते.

"गोळी घेतली?"

"लिधी."

"चक्कर?"

"नही."

मग एक दिवस शेजारच्या अक्कांचा फोन आला. आबा परवा भिंतीला धरून खाली बसले होते, आणि मला कळवायचं नाही अशी त्यांनी अक्कांना शपथ घातली होती. मी नवऱ्याला म्हटलं, "गाडी काढ, उचलून आणते त्यांना." तो म्हणाला, "उचलून आणशील, पण ठेवशील कशी? सुंभ जळला तरी पीळ जात नाही, आणि इथे तर दोन सुंभ आहेत." मी त्याच्यावरही ओरडले. तो बिचारा खरं बोलत होता.

त्याच आठवड्यात नव्या वर्गाला इतिहास शिकवायचा होता. फ्रेंच पोरगा झाला, जर्मन पंडित झाला, इंग्रज साहेब आला. सवयीने मी सगळं सांगितलं, यंत्र कसं राहिलं तेही. मुलं हसली. पुढच्या बाकावरच्या एका मुलीने विचारलं, "मॅडम, त्याला घरात कोणी नव्हतं का, आता पुरे म्हणणारं?" मला ते ठाऊक होतं, पण मी ते वर्गात कधीच सांगत नसे. साहेबाची बायको तरुण वयात गेली होती. मुलंही बरीचशी लहानपणीच गेली. मोठ्या घरात तो, त्याचे कागद आणि खालचे बाजावाले. हे मी सांगितलं तेव्हा कोणी हसलं नाही. मी तास लवकर सोडला.

पुढच्याच रविवारी, दुपारी, फाटक वाजलं. आबा उभे होते. एका हातात ट्रंक, काखेत अंथरुणाची वळकटी, आणि मागे रिक्षावाला फडक्यातलं यंत्र सांभाळत. त्यांनी ते ओट्यावर ठेवून घेतलं. फडकं काढलं. चकत्या नव्या होत्या. आबांनी त्या धुळ्यात स्वतः कातल्या आणि कोरल्या होत्या, आकडे चाचांच्या इतके सुबक नव्हते. चारही खिडक्यांत शून्य होतं.

"जावईबापू," त्यांनी हाक मारली, "बेरीज करा."

नवऱ्याने चाकं फिरवली. उत्तर बरोबर आलं. त्याने मोठ्या आकड्यांची बेरीज केली, हातचा दोनदा सरकला, तेही बरोबर आलं.

"बरोबर शे ना?"

"अगदी बरोबर आहे, आबा."

मी म्हटलं, "खूप छान झालंय. आता वर एक रंगाचा हात दिलात तर..." मला काहीतरी काम काढायचं होतं, कुठलंही.

"नही," आबा म्हणाले. "पुरं व्हयनं. आते यानामा काही काम नही. आन आज इतवार शे."

ते अजून पायरीच्या खालीच होते. चपला त्यांनी काढल्या नव्हत्या. नवरा माझ्याकडे बघायला लागला, मी आबांकडे. आबांनी ट्रंक खाली ठेवली, टोपी काढून हातात धरली आणि माझ्या पायांजवळच्या फरशीकडे बघत म्हणाले, "एकलं र्‍हावाले भ्याव लागस आते. तुनाकडे र्‍हावाले उनू. र्‍हाऊ देशी ना?"

आबांना भीती वाटते असं मी जन्मात कधी ऐकलं नव्हतं, आणि त्यांनी कोणाकडे काही मागितलेलंही मला आठवत नाही. ते तसेच खाली उभे राहिले. शेवटी मी पायऱ्या उतरून त्यांच्या काखेतली वळकटी घेतली, तेव्हा त्यांनी चपला काढल्या.